तळ्यातील लहान जीवांची हजेरी

समुद्रकाठच्या जीवांची गोष्ट भंडारा जिल्ह्यातल्या माणसाने सांगावी, हे ऐकायला थोडे चमत्कारिक वाटेल. आपल्याकडून समुद्र शेकडो मैल दूर. पण समुद्रकाठी लोकांनी सुरू केलेली एक चांगली रीत आपल्या तळ्याच्या पाळीवर आणता येण्याजोगी आहे, म्हणून तिच्यापासूनच प्रारंभ करतो.

समुद्राला दिवसातून दोनदा ओहोटी येते. पाणी मागे हटले की खडक उघडे पडतात. त्यांच्या फटींत आणि डबक्यांत खेकडे, शंख, शिंपले, समुद्रफुले, प्रवाळ असे नाना जीव दिसू लागतात. यांपैकी कोणालाही पाठीचा कणा नाही. शास्त्रात त्यांना अपृष्ठवंशी प्राणी म्हणतात. मुंबईत २०१७ साली काही निसर्गप्रेमी मंडळींनी ‘मरीन लाइफ ऑफ मुंबई’ या नावाने एक उपक्रम सुरू केला. ओहोटीच्या वेळी सामान्य नागरिकांना बरोबर घेऊन किनाऱ्यावर हिंडायचे, जो जीव दिसेल त्याचे छायाचित्र घ्यायचे, जागा व दिवस लिहून ठेवायचा, आणि जीवाला आहे तिथेच राहू द्यायचे. मुंबईच्या गजबजलेल्या, मळक्या किनाऱ्यावर काय असणार, असे पुष्कळांना वाटे. परंतु हाजीअली आणि वरळीसारख्या ठिकाणी प्रवाळसुद्धा आहेत. प्रवाळांना आपल्या देशात १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याचे संरक्षण आहे. किनारी रस्त्याच्या कामाच्या वेळी, २०२० साली, तेथील प्रवाळांच्या काही वसाहती दुसरीकडे हलविण्यात आल्या. ज्याची नोंद असते त्याचा विचार तरी करावा लागतो. ज्याची नोंदच नाही, ते गेले काय आणि राहिले काय, कोणाला कळणार?

आता आपल्याकडे वळू. भंडारा हा तलावांचा जिल्हा. कोहळी पाटलांनी बांधलेली तळी आणि गावोगावच्या बोड्या यांवर आपले धान पिकले. १९९९ साली गोंदिया जिल्हा वेगळा झाला आणि नवेगावबांध तिकडे गेले, पण तळ्यांची परंपरा दोन्हीकडे एकच आहे. १९५१ साली मालगुजारी गेली, तळी सरकारकडे आली, आणि लोक त्यांना ‘मामा तलाव’ म्हणजे माजी मालगुजारी तलाव म्हणू लागले. तळ्याचा मालक बदलला, पण तळ्यात रोज पाय घालणारा माणूस बदलला नाही. तो आपला ढिवर बांधव. पाणी कुठे खोल, कोणत्या वनस्पतीखाली कोणता मासा अंडी घालतो, हे त्याला पुस्तकाशिवाय ठाऊक असते.

समुद्राला ओहोटी दिवसातून दोनदा. आपल्या तळ्याला ती वर्षातून एकदाच, पण कित्येक महिने चालणारी. धान निघाल्यापासून पाणी हळूहळू मागे सरते आणि उन्हाळ्यापर्यंत काठ उघडा पडत जातो. मुंबईकर ओहोटीत जे करतात, ते आपण हिवाळ्यात तळ्याकाठी करू शकतो.

पण हे किडेमकोडे मोजून करायचे काय, असे कोणी विचारील. प्रश्न रास्त आहे. उत्तर असे की पाण्याची प्रकृती हे जीव सांगतात. पाण्यात विरघळलेला प्राणवायू असतो. पावसाळ्यात दिव्याभोवती जमून सकाळी मरून पडणारी, शेपटीला दोन-तीन लांब केस असलेली नाजूक माशी आपण पाहिली असेल. तिची पिल्ले पाण्यात वाढतात आणि अंगाच्या कडेला असलेल्या कल्ल्यांनी हा प्राणवायू घेतात. पाणी नासले की ती सहसा टिकत नाहीत. उलट काही माशांच्या अळ्या तळाच्या सडक्या गाळातही खुशाल राहतात. त्यांचा रंग लालभडक असतो, कारण आपल्या रक्तात असते तसे हिमोग्लोबिन त्यांच्या अंगात असते आणि थोडाथोडका प्राणवायूही त्या धरून ठेवतात. बशीत सगळ्या लाल अळ्याच आल्या आणि दुसरे काही आले नाही, तर पाण्यात सांडपाणी किंवा कुजका माल फार झाला, असा संशय घ्यावा. नदीचे पाणी तपासताना केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळानेही जीवांवरून प्रत ठरविण्याची पद्धत वापरली आहे. बाटलीत भरलेले पाणी त्या घटकेपुरते सांगते. पाण्यात वाढलेला जीव मागच्या कित्येक आठवड्यांची हकीकत सांगतो.

दुसरे उदाहरण शिंपल्याचे. गोड्या पाण्यातला शिंपला चिखलात बसून पाणी आत ओढतो, त्यातले सूक्ष्म कण खातो आणि पाणी बाहेर सोडतो. जणू तळ्याची गाळणीच! त्याची पिल्ले मात्र जन्मल्यावर काही काळ माशांच्या कल्ल्यांना किंवा परांना चिकटून वाढतात. म्हणजे योग्य मासा नसेल तर नवा शिंपला नाही. एखाद्या तळ्यात जुने, मोठे शिंपले सापडतात पण लहान एकही सापडत नाही, तेव्हा घरात म्हातारी माणसे आहेत आणि पाळणा हलत नाही, तशातला तो प्रकार समजावा.

गोगलगाईंचेही तसेच. काही गोगलगाई गुरांच्या यकृतात होणाऱ्या चपट्या कृमींचे बीज वाहतात. त्या कोणत्या तळ्यात वाढल्या हे कळले, तर गुरांना पाणी कुठे पाजावे हे ठरविता येते. चतुराची पिल्ले पाण्यात डासांच्या अळ्या खातात. ती असली तर गावाचे हितच.

हे सगळे आज सांगण्याचे कारण आहे. बेशरम नावाची झुडपे कित्येक तळ्यांचा काठ गिळून बसली आहेत. नागपूर शहराचे सांडपाणी नाग नदीतून कन्हानात आणि तेथून वैनगंगेत येते. पवनी तालुक्यात गोसीखुर्दला नदी अडविलेली असल्यामुळे पाणी साचून राहते. या पाण्यावर गावे पितात, ढिवर पोट भरतात. बिघाड झाला की मासे मरून वर येतात आणि मग धावाधाव होते. लहान जीव त्याच्या कितीतरी आधी नाहीसे होऊ लागतात, पण ते पाहणारा कोणी नसतो.

पाहणारे निर्माण होऊ शकतात, याचा दाखला जवळच आहे. ‘भंडारा निसर्ग व संस्कृती अभ्यास मंडळ’ या संस्थेने ढिवर मंडळींसह काही तळ्यांतील बेशरम काढली, तळ नांगरला, देशी पाणवनस्पती लावल्या आणि माशांच्या नोंदीही घेतल्या. त्यात ढिवरांचे ज्ञान आणि अभ्यासकाची वही एकत्र आली. हीच वही लहान जीवांपर्यंत न्यायला हवी.

शिक्षक बंधू-भगिनींनो, यासाठी प्रयोगशाळा लागत नाही. मच्छरदाणीचे कापड बांबूला बांधून जाळी करा आणि एक पांढरी बशी घ्या. तळ्याकाठच्या तीन जागा ठरवा. पाहुणे पाणी येते ती, गुरे उतरतात ती, आणि वनस्पती दाट आहेत ती. दिवाळीनंतर एकदा व होळीच्या आधी एकदा, त्याच जागी, तितकाच वेळ जाळी फिरवा. सापडलेले जीव बशीत पाण्यासह ठेवा, मोजा, छायाचित्र काढा आणि परत सोडा. नाव आधी गावचे लिहा. शास्त्रीय नाव मागाहून महाविद्यालयातून कळेल. जे सापडले नाही तेही लिहा. ‘शिंपला : शून्य’ ही सुद्धा नोंदच आहे. एका वर्षाच्या आकड्यांवरून निष्कर्ष काढू नका. पाऊस कमी-जास्त झाला तरी आकडे हलतात. चार-पाच वर्षांची वही झाली की ती बोलू लागते. मुलांना पाण्यात एकटे उतरू देऊ नका, आणि एखाद्या जाणत्या ढिवर काकांना किंवा मावशींना गुरुजींच्या मानाने बोलवा.

२००२ च्या जैवविविधता कायद्याप्रमाणे ग्रामपंचायतीत जैवविविधता व्यवस्थापन समिती असायची आणि गावाची लोक जैवविविधता नोंदवही ठेवायची आहे. त्यासाठीचे राज्य मंडळ आपल्या नागपुरातच आहे. शाळेची वही या समितीपुढे ठेवा. नोंदवहीत वाघ, मोर, मोह यांना जागा मिळतेच. शिंपल्याला आणि चतुरालाही एक ओळ मिळू द्या. उद्या तळ्यात घाण सोडली गेली, तर ‘पूर्वी पाणी चांगले होते’ असे नुसते म्हणून कोणी ऐकत नाही. अमुक साली, अमुक जागी, इतके शिंपले होते, असे लिहिलेले दाखविले, तर उत्तर द्यावे लागते.

शाळेत रोज हजेरी घेतो तशी वर्षातून दोनदा तळ्याची हजेरी घ्या. कोण आले, कोण गैरहजर, एवढे लिहिले तरी गावाचे काम झाले.