पाचारण आणि परवानगी : वैद्यकीय मिशनरीच्या चरित्रकथनातील एक पेच

वैद्यकीय मिशनरीच्या चरित्राचा साचा भाषा बदलली तरी फारसा बदलत नाही. सुस्थित घरातील तरुण डॉक्टरच्या हाती एखादे पुस्तक किंवा पत्रक येते, दूरच्या देशातील आजाऱ्यांचे दुःख त्याला अस्वस्थ करते, मग समुद्रप्रवास, परकी भाषा आणि डोंगरापलीकडचा एकाकी दवाखाना. मराठी ख्रिस्ती समाजात या कथेच्या केंद्रबिंदूला ‘पाचारण’ असा नेमका शब्द आहे. ईश्वर बोलावतो आणि माणूस निघतो, एवढेच त्यात अभिप्रेत असते. परंतु अशा चरित्रांमागील कागद पाहू लागले की बोलावणे आणि निघणे यांच्यामध्ये तिसरीच एक गोष्ट उभी असते, ती परवानगी. चरित्रनायक पुरुष असेल तर ती सहसा एका वाक्यात उरकते. स्त्री असेल तर खरे कथानक तिथेच घडते.

बंगळूर येथे ५ मे १९५७ रोजी निधन पावलेल्या डॉ. मेरी ग्लॉरी यांचे चरित्र या दृष्टीने वाचण्याजोगे आहे. त्यांचा जन्म १८८७ मध्ये ऑस्ट्रेलियातील व्हिक्टोरिया प्रांतात झाला. मेलबर्न विद्यापीठाची वैद्यकीय पदवी त्यांनी १९१० मध्ये मिळवली आणि पुढे त्याच शहरात नेत्रचिकित्सक म्हणून जम बसवला. १९१५ मध्ये त्यांच्या वाचनात डॉ. ॲग्नेस मॅक्लॅरेन या स्कॉटिश डॉक्टरबाईंविषयीचे एक पत्रक आले आणि भारतात जाण्याचा निश्चय झाला. येथवर कथा साच्याबरहुकूम चालते. निश्चयानंतर मात्र पाच वर्षे गेली. त्या अवधीत स्त्रीरोग, प्रसूतिशास्त्र आणि नेत्रविज्ञान या विषयांत त्यांनी एम. डी. पूर्ण केली. फेब्रुवारी १९२० मध्ये त्या गुंटूरला पोहोचल्या व ‘येशू, मरिया, जोसेफ’ या मूळच्या डच धर्मसंघात दाखल झाल्या. पुढची वाट सरळ नव्हती. रोमन कॅथलिक धर्मविधीनुसार व्रतस्थ धर्मभगिनीला वैद्यकी, विशेषतः प्रसूतिकर्म, करण्यास मज्जाव होता. ज्या कामासाठी त्यांना बोलावणे आले होते, तेच काम त्या बोलावण्याने दिलेल्या वस्त्रांत निषिद्ध ठरत होते. अखेर पोप पंधरावे बेनेडिक्ट यांनी विशेष अनुज्ञा दिली आणि डॉ. ग्लॉरी यांच्यातून सिस्टर मेरी ऑफ द सेक्रेड हार्ट यांना आपले स्टेथोस्कोप परत मिळाले.

हा निषेध केवळ रोमचा हट्ट म्हणून बाजूला सारता येत नाही. देहापासून अलिप्त राहण्याचे व्रत आणि देहाच्या सर्वांत उघड्या क्षणी हजर राहण्याचे कर्तव्य यांतला तो खराखुरा तंटा होता. मॅक्लॅरेन यांनी तो आधीच ओळखला होता. हिमालयाच्या पायथ्याजवळील रावळपिंडीत त्यांच्या पुढाकाराने १९०९ मध्ये स्त्रियांसाठी रुग्णालय निघाले, कारण पडद्यातील स्त्री पुरुष डॉक्टरपुढे येत नसे आणि उपचारावाचून दगावत असे. धर्मभगिनींना डॉक्टर होऊ द्यावे, यासाठी त्यांनी रोमकडे वारंवार अर्ज केले. १९१३ मध्ये त्यांचे निधन झाले तेव्हा उत्तर आलेले नव्हते. मिशनरी वाङ्मयाला डोंगर, दऱ्या आणि हिमरेषा यांचे मोठे आकर्षण. दुर्गमता म्हणजे भूगोल, असे ते धरून चालते. रावळपिंडीचा अनुभव सांगतो की खरी दुर्गम जागा घाटापलीकडे नव्हती, ती माजघरात होती. गुंटूरच्या सपाट मुलखातही ती तेवढीच दूर होती.

मॅक्लॅरेन यांच्या पत्रकाने ग्लॉरी यांना वाट दाखवली, तशीच त्यांच्या कार्याने टिरोलच्या डोंगराळ भागातून आलेल्या ॲना डेंगल यांनाही. डेंगल १९२० मध्येच रावळपिंडीला रुजू झाल्या; परंतु त्यांनी दुसरा मार्ग धरला. स्वतःपुरती सवलत न मागता त्यांनी १९२५ मध्ये अमेरिकेत डॉक्टर-परिचारिका भगिनींचा एक संघ काढला, ज्याच्या सदस्यांनी जाहीर व्रते घेतलीच नाहीत. नियम मोडला नाही, पाळलाही नाही. त्याच्या कडेने रस्ता काढला. ११ फेब्रुवारी १९३६ रोजी व्हॅटिकनने धर्मभगिनींना प्रसूतिकर्मासह वैद्यकी करण्याची मोकळीक दिली, त्यामागे अशा प्रयत्नांचा रेटा होता. एकाच पाचारणातून अपवाद आणि नियमबदल असे दोन फाटे फुटले. चरित्रकार पहिल्याकडे अधिक वळतात. अपवादात नायिका असते, नियमबदलात समित्या असतात.

आता मराठी संहितांकडे वळले तर हीच रचना उलट्या बाजूने दिसते. आनंदीबाई जोशी यांना अमेरिकेला पाठवण्याच्या खटपटीत गोपाळरावांनी मिशनरी रॉयल वाइल्डर यांना पत्र लिहिले. वाइल्डर यांनी ते आपल्या नियतकालिकात छापले आणि मदतीला ख्रिस्ती धर्मस्वीकाराची अपेक्षा जोडली. म्हणजे पाचारणच परवान्याची अट म्हणून पुढे आले. आनंदीबाईंनी ती नाकारली. २४ फेब्रुवारी १८८३ रोजी श्रीरामपूर येथील मिशनरी महाविद्यालयाच्या सभागृहात केलेल्या इंग्रजी भाषणात त्यांनी, हिंदू म्हणून जाऊ आणि हिंदू म्हणूनच परत येऊ, असे सांगितले. हे भाषण वैद्यकीय शिक्षणाचे समर्थन म्हणून उद्धृत केले जाते. त्याचा खरा श्रोता मात्र परवानगी देणारा स्वकीय समाज आहे, आणि त्यातील युक्तिवादाची ठेवण अर्जाची आहे. पेनसिल्व्हेनियाच्या स्त्री वैद्यकीय महाविद्यालयातून १८८६ मध्ये त्या पदवीधर झाल्या, कोल्हापूरच्या रुग्णालयातील स्त्री विभागासाठी त्यांची नेमणूक झाली, आणि रुजू होण्यापूर्वीच २६ फेब्रुवारी १८८७ रोजी त्या निवर्तल्या. कॅरोलिन डॉल यांचे इंग्रजी चरित्र १८८८ मध्ये निघाले, पुढे काशीबाई कानिटकरांचे मराठी चरित्र आणि १९६८ मध्ये श्री. ज. जोशी यांची ‘आनंदी गोपाळ’ ही कादंबरी आली.

त्याच महाविद्यालयातून १८९२ मध्ये पदवी घेऊन आलेल्या डॉ. गुरुबाई करमरकर यांनी मात्र अमेरिकन मराठी मिशनमध्ये मुंबईत दीर्घकाळ वैद्यकी केली. त्या ख्रिस्ती होत्या. त्यामुळे आनंदीबाईंना पडलेला प्रश्न त्यांच्यापुढे त्या रूपात उभाच राहिला नाही. बहुधा याच कारणाने त्यांच्याविषयी आनंदीबाईंच्या मानाने फारच थोडे लिहिले गेले. रुग्ण तपासलेल्या स्त्रीपेक्षा रुग्ण तपासण्यास निघालेली स्त्री मराठी चरित्रवाङ्मयाला अधिक जवळची वाटली. एका अर्थाने हा परवानगीच्या कथानकाचाच विजय. मिरजेला विल्यम वॉनलेस यांनी उभारलेले रुग्णालय आणि त्यांचे १९३२ चे इंग्रजी आत्मकथन शेजारी ठेवावे. तेथे निघण्याला फारशी पाने लागत नाहीत, कामच कथा होते. स्त्री-डॉक्टरला ही सोय क्वचित मिळते.

लक्ष्मीबाई टिळकांचे ‘स्मृतिचित्रे’ वैद्यकीविषयीचे पुस्तक नाही, तरी या चर्चेत त्याला जागा द्यावी लागते. पाचारण एकाला येते आणि त्याची किंमत दुसऱ्याच्या संसारात वसूल होते, हे मराठीत इतक्या थेटपणे दुसरीकडे क्वचितच आढळते. मिशनरी डॉक्टरच्या चरित्रांत ही दुसरी बाजू जवळजवळ नसतेच. ग्लॉरी यांच्या बाबतीत ती मेलबर्नला राहिली, आणि तिकडे जाणाऱ्या पत्रांतूनच तिचा माग लागू शकतो.

गुंटूरमध्ये ग्लॉरी यांनी स्थानिक मुलींना परिचारिका, सुईण आणि औषधनिर्मितीचे शिक्षण दिले, आणि १९४३ मध्ये विखुरलेल्या कॅथलिक रुग्णालयांची देशव्यापी संघटना स्थापण्यात पुढाकार घेतला. भारतात कॅथलिक वैद्यकीय महाविद्यालय व्हावे, ही त्यांची इच्छा त्यांच्या हयातीत पुरी झाली नाही. निधनानंतर सहा वर्षांनी, १९६३ मध्ये, बंगळूरला सेंट जॉन्स वैद्यकीय महाविद्यालय सुरू झाले. आरंभी त्याचे विद्यार्थी शहरातील सेंट मार्थाज रुग्णालयात शिकत. हे रुग्णालय १८८६ पासून गुड शेफर्ड धर्मभगिनी चालवीत आल्या. २०१३ मध्ये चर्चने ग्लॉरी यांना ‘ईश्वरसेविका’ ही पदवी दिली, म्हणजे संतपदाच्या चौकशीची पहिली पायरी.

सेंट जॉन्समध्ये प्रवेश घेणाऱ्याकडून पदवीनंतर दोन वर्षे आरोग्यसेवेपासून वंचित भागात काम करण्याचे बंधपत्र लिहून घेतले जाते. डॉक्टर दुर्गम ठिकाणी कसा पोहोचतो, या प्रश्नाला आता पत्रक, स्वप्न वा पोपची अनुज्ञा लागत नाही, सही लागते. ग्लॉरींना जाण्यासाठी विनवण्या कराव्या लागल्या, त्यांच्या नावाने स्मरल्या जाणाऱ्या परंपरेतील विद्यार्थ्याला जाणे भाग आहे. या दोन वर्षांच्या मुदतीतून लिहिलेल्या रोजनिश्या आणि आठवणी कन्नड, तेलुगू, मल्याळम, इंग्रजी अशा अनेक भाषांत शोधाव्या लागतील, आणि त्यांत ‘पाचारण’ हा शब्द येतो की नाही, हे तपासण्याचे काम तौलनिक अभ्यासकांपुढे आहे.