न दिसणारी चेटकीण

भूत जितके कमी दिसेल तितके अधिक भिववते, हे आपल्या आज्यांना पक्के ठाऊक होते. दिवा मंद करायचा, आवाज खाली आणायचा आणि ऐन वेळी गप्प बसायचे. उरलेले काम ऐकणाऱ्याचे मन करी. आज्यांची ही युक्ती अमेरिकेतल्या दोन तरुणांनी पडद्यावर वापरली आणि भल्याभल्या निर्मात्यांनी तोंडात बोटे घातली. १९९९ साली प्रदर्शित झालेला 'द ब्लेअर विच प्रोजेक्ट' हा तो चित्रपट.

डॅनिअल मायरिक आणि एदुआर्दो सांचेझ हे त्याचे दिग्दर्शक. कथा म्हणाल तर चार ओळींची. १९९४ च्या ऑक्टोबरात तीन विद्यार्थी मेरीलँड राज्यातील बर्किट्सव्हिल गावाजवळच्या रानात एका चेटकिणीवर माहितीपट काढायला जातात, ते परत येतच नाहीत. वर्षभराने त्यांनी टिपलेल्या फिती तेवढ्या सापडतात. त्या फिती म्हणजेच हा चित्रपट!

प्रत्यक्ष चित्रीकरण १९९७ च्या ऑक्टोबरात, अवघ्या आठ दिवसांत झाले. पटकथेच्या जागी सुमारे ३५ पानांचा आराखडा होता. संवाद नटांनी आयत्या वेळी बोलायचे, कॅमेराही त्यांनीच धरायचा. सूचनांच्या चिठ्ठ्या रानात ठरल्या जागी ठेवलेल्या असत. शिधा दिवसेंदिवस कमी होई, आणि रात्री दिग्दर्शक मंडळीच राहुटीभोवती आवाज करीत, राहुटी गदगदा हलवीत. तेव्हा पडद्यावरची ती भेदरलेली तोंडे केवळ अभिनयाची नव्हेत. भूक आणि जागरण यांचाही त्यांत वाटा आहे. आणि चेटकीण? ती शेवटपर्यंत एकदाही दिसत नाही.

चित्रीकरणाचा खर्च ६० हजार डॉलरांच्या आसपास, आणि जगभरची कमाई २४ कोटी डॉलरांहून अधिक!

पण मी पडलो मराठीचा प्राध्यापक. माझे लक्ष गल्ल्यापेक्षा त्या आख्यायिकेकडे जाते. ती बर्किट्सव्हिलची नव्हेच. दिग्दर्शकांनी ती घरी बसून रचली. १७८५ साली एली केडवर्ड नावाच्या बाईवर चेटुक केल्याचा आळ येतो. गाव तिला ऐन हिवाळ्यात रानात हाकलून देते. पुढच्या हिवाळ्यापर्यंत आळ घेणारे आणि गावातली निम्मी मुले नाहीशी होतात. गोष्ट बनावट खरी, पण साचा अस्सल लोककथेचा. आपल्याकडेही बाळंतपणात दगावलेल्या बाईची अळवंत होते. जिच्या वाट्याला हाल आले, तीच मेल्यावर गावाला छळते. मला वाटते, गावाच्या मनाला लागलेली टोचणीच अशा वेळी भुताचे रूप घेते. म्हणून सूडाची कथा ऐकताना आधीचा अन्याय नीट ऐकावा. चित्रपटातले तीन विद्यार्थी चेटकीण शोधतात; त्या थंडीत कुडकुडलेल्या बाईची चौकशी मात्र कोणी करीत नाही.

बनावट गोष्टीवर माणसे किती लवकर विश्वास ठेवतात, हेही या चित्रपटाने दाखवून दिले. जाहिरातीसाठी तिघे नट बेपत्ता असल्याची पत्रके वाटली गेली. हेदर डोनाह्यू या नटीच्या आईला तर सांत्वनाची पत्रे आली, मुलगी हयात असताना! हौशी प्रेक्षकांनी बर्किट्सव्हिलच्या पाट्या पळविल्या. आणि ज्यांनी उपाशीपोटी रानात रात्री काढल्या, त्या तिघांना आपल्या योग्य मोबदल्यासाठी २०२४ साली जाहीर पत्र लिहावे लागले.

पाट्या गेल्या त्या पुन्हा लावता येतात. सातपुड्याच्या पायथ्याशी, नंदुरबारकडे, एखाद्या बाईला 'डाकीण' ठरविले जाते तेव्हा मात्र तिचे घर जाते, कधी जीवही जातो. त्यासाठी महाराष्ट्राला २०१३ साली जादूटोणाविरोधी कायदा करावा लागला. तिथे सूड घ्यायला कोणी रानातून परत येत नाही.

तेव्हा वाचकहो, चित्रपट अवश्य पाहा, रात्री दिवे मालवून पाहा. मनसोक्त घाबरा. फक्त सकाळी उठल्यावर कोणी एखाद्या बाईकडे बोट दाखवून 'तिच्यापासून जपा' असे कुजबुजला, तर मान डोलावू नका. पुरावा काय, ते विचारा.