पाइप असेल तर कोळसा कशाला?

दिवाळीच्या सेलमधल्या चिमण्यांच्या जाहिरातींत ‘कार्बन फिल्टर मोफत’ ही ओळ ठळक असते. गिऱ्हाइकाला वाटतं, वर काहीतरी जास्तीचं मिळालं. पण ज्या चिमणीचा पाइप भिंतीतून बाहेर काढलेला आहे, तिला या फिल्टरची गरजच नसते. पाइप नसलेली, म्हणजे ‘डक्टलेस’ चिमणी खेचलेली हवा पुन्हा स्वयंपाकघरातच सोडते. तिला मात्र त्याच्याशिवाय गत्यंतर नाही. कार्बन फिल्टर ही पाइप नसल्याची भरपाई आहे, आणि आपल्या स्वयंपाकाच्या मानाने ती फारच तोकडी पडते.

तळणातून उडणारे तेलाचे थेंब पुढची जाळी किंवा बॅफल फिल्टर अडवतो. वास त्यातून आरपार जातो, कारण तो वायुरूप असतो. त्याच्यासाठी सक्रिय कोळसा लागतो. हा कोळसा बऱ्याचदा नारळाच्या करवंट्यांपासूनच बनवतात. त्याच्या एका ग्रॅममधल्या सूक्ष्म छिद्रांचा पृष्ठभाग मोजला तर तो हजार चौरस मीटरच्या घरात जाऊ शकतो, आणि वासाचे रेणू या पृष्ठभागाला चिकटून राहतात. चिकटायला जागा उरली नाही की फिल्टरचं काम संपलं. जाळीतून निसटलेली तेलकट वाफ छिद्रं बुजवत असल्याने ती वेळ आणखी लवकर येते. साधा कार्बन फिल्टर साबणाने धुऊन पुन्हा नवा होत नाही. तीन ते सहा महिन्यांनी तो बदला, असं माहितीपत्रकात साधारणपणे लिहिलेलं असतं. माहितीपत्रकाचं हे पान मात्र कोणी उघडत नाही.

समजा, फिल्टर वेळेवर बदलला. तरी तो धरतो फक्त वास, आणि स्वयंपाकघरातून बाहेर जायला हवं असं बरंच काही उरतं. एक किलो एलपीजी जळताना दीड किलोहून जास्त पाण्याची वाफ तयार होते. या हिशेबाने 14.2 किलोचं घरगुती सिलिंडर संपेपर्यंत सुमारे 22 लिटर पाणी आणि 40 किलोहून अधिक कार्बन डायऑक्साइड स्वयंपाकघरात सोडलं जातं. भाता-डाळीची वाफ वेगळीच. हे सारं कोळशातून निघून ओट्यावर परत येतं. ज्योत नीट जळत नसेल तर निर्माण होणारा कार्बन मोनॉक्साइडही त्याला अडवता येत नाही. धुराचे अतिसूक्ष्म कण पकडणं हेही त्याचं काम नव्हे. मिरचीच्या फोडणीने ठसका लागतो तोही नुसत्या वासाने नव्हे, हवेत उडालेल्या तिखट कणांनी. आंतरराष्ट्रीय कर्करोग संशोधन संस्थेने 2010 साली प्रसिद्ध केलेल्या अहवालात उच्च तापमानाला तळताना निघणारा धूर ‘बहुधा कर्करोगकारक’ गटात टाकला आहे. तेव्हा वास गेला म्हणजे हवा शुद्ध झाली, ही समजूत धोक्याची आहे. उलट, वास येईनासा झाला की खिडकी उघडायचीही आठवण होत नाही.

युरोपात अशा चिमण्या सर्रास चालतात, हा विक्रेत्यांचा आवडता दाखला. पण तिथल्या हिवाळ्यात तापवलेली हवा घराबाहेर घालवणं महागात पडतं. शिवाय जिथे शेगडी विजेची असते, तिथे ज्वलनाचे वायू निर्माणच होत नाहीत. मे महिन्यात चार बर्नर पेटलेल्या, नागपूरच्या नाहीतर मुंबईच्या स्वयंपाकघरात गरम हवा जपून ठेवण्यात कसला फायदा? पाइप असूनही ‘असू दे एक जास्तीचा’ म्हणून कार्बन फिल्टर बसवणाऱ्यांचा तर तोटाच होतो. कोळशाच्या थराने हवेची वाट अडते आणि चिमणीची ओढ घटते. आपल्या घरातल्या तळलेल्या बांगड्याचा वास वरच्या मजल्यावर जातो, ही तक्रार मात्र खरी असते. तिच्यावर उपाय म्हणजे पाइपचं तोंड शेजाऱ्यांच्या खिडकीपासून दूर आणि शक्य तितकं उंच नेणं. त्यातही वळणं कमी हवीत आणि सहा इंची पाइप वाटेत चार इंची करायचा नाही.

भाड्याच्या घरात किंवा सोसायटीने भिंतीला भोक पाडू दिलं नाही तर डक्टलेसच घ्यावी लागते, हा आक्षेप सगळ्यात वजनदार. पण तिथेही खिडकीच्या वरच्या झडपेत बसवलेला साधा एक्झॉस्ट फॅन माझ्या मते उजवा. तो दिसायला ओबडधोबड, आवाजाला कर्कश आणि तेलाने चिकट होणारा असला, तरी वाफ, उष्णता आणि वायू खरोखर बाहेर टाकतो. त्याच्यासमोरचं दार किंवा दुसरी खिडकी किलकिली ठेवावी लागते, नाहीतर तो हवा खेचणार कुठून? डक्टलेसच घ्यायची असेल, तर चिमणीच्या किमतीत दरवर्षीच्या दोन ते चार फिल्टरांचे पैसे मिळवून मगच ‘ऑफर’चा हिशेब करावा.