‘क्रिमसन स्पेल’: शापकथेचा शेवटचा खंड

आयानो यामाने यांची ‘क्रिमसन स्पेल’ ही मांगा, म्हणजे जपानी चित्रकथा, ‘बॉइज लव्ह’ प्रकारातली आहे. पुरुषांमधील प्रेम हा या प्रकाराचा विषय असून त्याचा वाचकवर्ग प्रामुख्याने स्त्रियांचा आहे. तोकुमा शोतेन प्रकाशनाच्या ‘कारा’ नियतकालिकात दीर्घकाळ क्रमशः येत राहिलेली ही कथा ७ व्या खंडात पूर्ण होते. राज्य वाचवण्यासाठी शापित तलवार उपसणारा राजपुत्र वाल्ड रात्री राक्षसरूप धारण करतो, आणि त्या रूपाला शांत करणारा मांत्रिक हावी रात्री काय घडते हे त्याच्यापासून लपवून ठेवतो. लपवाछपवीवर उभ्या राहिलेल्या या नात्याला प्रेम म्हणावे का, हा प्रश्न शापमुक्तीइतकाच महत्त्वाचा असल्याने अखेरच्या खंडाकडे केवळ साहसकथेचा शेवट म्हणून पाहणे अपुरे ठरते. यामाने यांचे रेखीव, तपशीलवार चित्रण तर स्वतंत्र अभ्यासाच्या योग्यतेचे आहे.