सायक्लमेनचा खरा शत्रू थंडी नव्हे, तर साचलेली ओल

नाताळच्या सुमारास युरोप-अमेरिकेतील दुकाने सायक्लमेनच्या कुंड्यांनी भरून जातात. पाकळ्या मागे वळलेली गुलाबी, लाल किंवा पांढरी फुले आणि चंदेरी नक्षीची पाने यांमुळे ही कुंडी भेट म्हणून हमखास दिली जाते. तिकडे स्थायिक झालेल्या अनेक मराठी घरांच्या खिडकीतही ती दिसते. मात्र वसंत ऋतू संपता संपता पाने पिवळी पडतात, झाड मेले असे समजून कुंडी कचऱ्यात जाते. काही हौशी मंडळी ते झाड थेट अंगणात लावतात आणि पहिल्याच कडाक्याच्या थंडीत ते नष्ट होते. 'सायक्लमेन आपल्याकडे जगत नाही' असा निष्कर्ष मग काढला जातो. वास्तविक, पहिल्या प्रसंगी झाड बहुधा झोपलेले असते आणि दुसऱ्या प्रसंगी चुकीची प्रजाती लावलेली असते.

उलटे ऋतुचक्र

सायक्लमेन ही कंदवर्गीय वनस्पती असून तिच्या सुमारे वीस प्रजाती आहेत. त्यांतील बहुतेक भूमध्य समुद्राच्या परिसरात आढळतात. तिथे पाऊस हिवाळ्यात पडतो आणि उन्हाळा कोरडा असतो. आपल्याकडे हळद किंवा सुरण पावसाळ्यात वाढतो आणि पुढे पाने वाळून कंद जमिनीत विसावतो. सायक्लमेनचे चक्र नेमके उलटे आहे. शरद ऋतूत त्याला जाग येते, हिवाळाभर पाने अन्न तयार करतात आणि उन्हाळा कंद विश्रांतीत घालवतो. या विश्रांतीच्या काळात भरपूर पाणी दिले, तर कंद कुजतो. थंडीपेक्षा ओलीने दगावणारे सायक्लमेन अधिक असतात, ते यामुळेच.

प्रजातीची निवड महत्त्वाची

दुकानात मिळणारे मोठ्या फुलांचे झाड 'पर्सिकम' या प्रजातीपासून विकसित केलेले असते. नाव पर्शियाचे असले, तरी तिचे मूळ वसतिस्थान तुर्कस्तान, लेबनॉन, इस्रायल आणि आसपासचा प्रदेश आहे. गोठवणारी थंडी तिला सोसत नाही. ती कुंडीतच आणि घरातच ठेवावी.

बागेसाठी तीन प्रजाती उपयुक्त ठरतात. 'हेडेरिफोलियम' ऑगस्ट ते ऑक्टोबरदरम्यान फुलते. बहुधा आधी फुले आणि नंतर आयव्हीच्या वेलीसारखी पाने येतात. ती पुढे वसंतापर्यंत टिकतात. 'कौम' ही बल्गेरियापासून तुर्कस्तान, कॉकेशस आणि उत्तर इराणपर्यंत आढळते. ती ऐन हिवाळ्यात, तर फार थंड ठिकाणी बर्फ वितळताच फुलते. या दोन्ही उणे १० ते उणे १५ अंश सेल्सिअसपर्यंतची थंडी सहन करतात. तिसरी 'पर्प्युरासेन्स' ही आल्प्स व मध्य युरोपातील जंगलांत वाढते. तिची सुगंधी फुले उन्हाळ्यात येतात आणि पाने जवळजवळ वर्षभर राहतात. उन्हाळ्यात तिला पूर्ण कोरडे ठेवू नये. शिकागोसारख्या शहरांत, जिथे पारा कधी उणे २० अंशांच्याही खाली जातो, तिथे प्रथम हिचा विचार करावा.

जागा आणि लागवड

पानझडी वृक्षाखालची जागा सर्वांत उत्तम. हिवाळ्यात पाने झडल्यामुळे ऊन मिळते, तर उन्हाळ्यात झाडाची सावली लाभते आणि त्याची मुळे जमिनीतील जादा ओल शोषून घेतात. माती भुसभुशीत असावी. चिकण माती असल्यास त्यात कुजलेल्या पाल्याचे खत आणि बारीक खडी मिसळावी. किंचित उतार असेल तर पाणी साचत नाही.

कंद फार खोल पुरू नये. वर तीन ते पाच सेंटिमीटर माती पुरेशी होते. हेडेरिफोलियमच्या कंदाला मुळे मुख्यतः वरच्या भागातून व बाजूंनी, तर कौमला खालून फुटतात. त्यामुळे सुटा कंद उलटा लावला जाण्याची शक्यता असते. शक्यतो पाने फुटलेले, कुंडीत वाढवलेले रोप आणावे.

हिम पडणे हे या झाडांसाठी संकट नव्हे. हिमाचा थर पांघरुणासारखे काम करतो आणि जमिनीचे तापमान फार खाली जाऊ देत नाही. हिम नसताना वाहणारे कोरडे, गोठवणारे वारे अधिक घातक असतात. अशा वेळी पाइनच्या सुया किंवा सुका पाला विरळ पसरावा. थर जाड झाला तर पानांना प्रकाश मिळत नाही. उत्तर अमेरिकेत खारी कंद उकरून काढतात, म्हणून लागवडीवर तारेची जाळी अंथरणे हिताचे ठरते.

कुंडीतील झाडाची निगा

घरातील पर्सिकमला हीटरची ऊब मानवत नाही. १० ते १८ अंश तापमानाची उजेडाची खिडकी तिला योग्य. पाणी कंदाच्या माथ्यावर न ओतता कुंडीखालच्या बशीत द्यावे आणि अर्ध्या तासाने उरलेले ओतून टाकावे. सुकलेली फुले देठासह पिळून उपटावीत. बहर संपून पाने पिवळी पडू लागली की पाणी कमी करत न्यावे आणि कुंडी थंड, सावलीच्या जागी ठेवावी. उन्हाळा सरताना नवी माती घालून, कंदाचा माथा उघडा राहील असा बसवून पुन्हा पाणी सुरू करावे. कंदात विषारी द्रव्ये असल्याने तो कुत्र्या-मांजरांच्या तोंडी लागणार नाही, याची काळजी घ्यावी.

बियांपासून रोपे

सायक्लमेनच्या कंदाला बाजूला पिल्ले फुटत नाहीत. वाढ होते ती बियांपासूनच. फूल गळाल्यावर बहुतेक प्रजातींचा देठ स्प्रिंगसारखा गुंडाळला जाऊन बोंड जमिनीशी नेतो. बियांवरील गोड आवरणासाठी मुंग्या त्या वाहून नेतात आणि झाडे दूरवर पसरतात. घरी पेरताना ताजे बी एक दिवस पाण्यात भिजवावे, मातीने झाकावे आणि सुमारे १५ अंश तापमानात अंधारात ठेवावे. महिना-दोन महिन्यांत अंकुर दिसतात. फुलांसाठी मात्र दोन-तीन वर्षे थांबावे लागते.

ही संथ वाढच या वनस्पतीच्या मुळावर आली. पेरून वाट पाहण्यापेक्षा डोंगरातून कंद खणून विकणे स्वस्त पडत असे. गेल्या शतकाच्या उत्तरार्धात तुर्कस्तानातून असे कंद प्रचंड संख्येने निर्यात झाले. वन्य जीवांच्या व्यापारावर नियंत्रण ठेवणाऱ्या 'साइट्स' या आंतरराष्ट्रीय कराराने १९७५ मध्येच संपूर्ण सायक्लमेन कुळाला आपल्या दुसऱ्या परिशिष्टात स्थान दिले. त्यामुळे परवान्याशिवाय वन्य कंदांची आंतरराष्ट्रीय विक्री करता येत नाही. तरीही वाळलेला मोठा कंद स्वस्तात मिळत असेल, तर तो कुठून आला हे विक्रेत्याला विचारलेच पाहिजे. महिनोन्महिने कोरडा पडलेला असा कंद अनेकदा रुजतही नाही. रोपवाटिकेत बियांपासून वाढवलेले लहान रोप थोडे महाग असते. पण ते लवकर रुजते आणि त्यासाठी कोणत्याही डोंगरात खड्डा पडलेला नसतो.