मधानं केस पांढरे होतात का? दवनीवाड्याच्या एका ताईंचा प्रश्न आणि त्यामागचा धंदा



मागच्या महिन्यात गोंदिया जिल्ह्यातल्या दवनीवाड्याहून एका ताईंचा फोन आला. घरातच छोटं ब्युटी पार्लर चालवतात. स्वतःचे केस कुरळे, मुलीचेही कुरळे. दोन वर्षांपासून केसांना मध लावतात, फरक दिसतो, बायका विचारतात. मग डोक्यात आलं की याचीच बाटली करून विकावी. बचत गटातून १२ हजार रुपये उचलायची तयारी झाली होती. १०० बाटल्या, त्यावर रंगीत लेबल, लेबलवर "सात दिवसांत केसगळती बंद". फोन मात्र वेगळ्याच अडचणीसाठी केला होता.

"सर, बायका म्हणतेत मधानं केस पांढरे होतेत. मंग मी विकू कशी?"

हा प्रश्न तुम्हालाही कोणीतरी विचारणारच. आपल्या आजीनं, मावशीनं लहानपणी सांगितलेलं असतं, "मधाचा हात केसांना लावू नको गं." म्हणून आधी तेच निपटू या, धंद्याचं त्यानंतर.

केस पांढरा होतो तो मुळाशी, कातडीच्या आत. तिथं केसाला रंग देणारं मेलॅनिन बनतं. ते बनायचं थांबलं की नवा केस पांढराच उगवतो. वय, आनुवंशिकता, काही आजार ही त्याची कारणं. बाहेर आलेल्या केसाला मध लावल्यानं मुळातलं हे काम बिघडत नाही. मग ही समजूत आली कुठून? त्यात रवाभर तथ्य आहे. मधात ग्लुकोज ऑक्सिडेज नावाचं एक विकर असतं. मधात पाणी मिसळलं की ते जागं होतं आणि अगदी थोडं हायड्रोजन पेरॉक्साइड तयार होतं. पार्लरमध्ये केस ब्लीच करायला वापरतात तेच रसायन, पण प्रमाण फारच कमी. रात्रभर, रोज, महिनोन्‌महिने मध डोक्यावर ठेवला तर रंग किंचित फिका पडू शकेल. वीस-तीस मिनिटं ठेवून धुतला तर काळजीचं कारण नाही. ग्राहकाला हे असंच सांगा. "काहीच होत नाही" असं ठोकून देऊ नका, कारण बाई घरी जाऊन मोबाइलवर शोधणार आहे.

कुरळ्या केसांनाच मध का?

सरळ केसावरून टाळूचं तेल घसरत टोकापर्यंत जातं. कुरळ्या केसाला वळणं असतात, तेल पहिल्या दोन-तीन वळणांतच अडकतं. त्यामुळे टाळू तेलकट आणि टोकं कोरडी, अशी तक्रार घेऊन कुरळ्या केसांची बाई येते. आपल्याकडे यावर उपाय एकच, भरपूर खोबरेल चोपडा आणि घट्ट वेणी घाला. तेलानं आतला ओलावा टिकतो हे खरं, पण मुळात ओलावाच नसेल तर टिकवणार काय?

मधाचं काम इथं आहे. मधात साधारण १७ ते २० टक्के पाणी, बाकी बहुतेक साखर, त्यातही फ्रुक्टोज जास्त. ही साखर पाण्याला धरून ठेवते. शिवाय मध आंबट असतो (चवीला गोड लागला तरी), सामू साधारण ४ च्या आसपास. केसाचा वरचा पापुद्रा अशा आंबट वातावरणात दबून बसतो, म्हणून धुतल्यावर केस गुळगुळीत लागतात.

पण आपल्या भागाची हवा लक्षात घ्या. मे महिन्यात गोंदियात पारा ४५ च्या घरात जातो, हवा कोरडी ठणठणीत. मध पाणी धरतो, पण हवेतच पाणी नसेल तर आणणार कुठून? म्हणून मध कोरड्या केसाला कधीच लावायचा नाही. आधी केस धुवायचे, पाणी निथळू द्यायचं, ओलसर केसांवर मिश्रण लावायचं आणि धुतल्यावर चार थेंब तेलानं तो ओलावा बंद करायचा. पावसाळ्यात उलटी गंमत. हवा इतकी दमट की मध थोडा जरी राहिला तरी केस चिकट होऊन फुगतात. तेव्हा प्रमाण कमी आणि धुणं जास्त.

नुसता मध लावला तर तो पसरत नाही, ओघळतो आणि केस ओढले जातात. त्यात काय मिसळायचं? इंटरनेटवर ॲव्होकॅडो सांगतात. दवनीवाड्यात ॲव्होकॅडो कुठून आणणार? पण आपल्याकडे धानाच्या बांधीत उतेरा म्हणून जवस पेरतात, तो घराघरात असतो. कुरळ्या केसांसाठी जवसाचं जेल जगभर वापरलं जातं, आणि आपण त्याची चटणी करून मोकळे होतो. पाव वाटी जवस दोन वाट्या पाण्यात मंद आचेवर शिजवा, ढवळत राहा. अंड्याच्या पांढऱ्यासारखं बुळबुळीत झालं की लगेच उतरवा आणि गरम असतानाच पातळ फडक्यातून गाळा. थंड झाल्यावर गाळायला गेलात तर फडकं फाटेल, जेल निघणार नाही! या जेलचे दोन भाग आणि मधाचा एक भाग. टोकाकडून वर लावत जायचं, मोठ्या दातांच्या फणीनं सोडवायचं, प्लास्टिकची टोपी घालून अर्धा तास बसवायचं, कोमट पाण्यानं धुवायचं. मध पाण्यात विरघळतो, त्यामुळे रगडावं लागत नाही. पुसायला खरखरीत टॉवेल नको, जुना सुती दुपट्टा घ्या. पंधरा दिवसांतून एकदा पुरे. आणि पहिल्यांदा येणाऱ्या प्रत्येकीच्या कानामागे थोडं लावून एक दिवस वाट बघा, मधातल्या परागकणांची कोणाकोणाला ॲलर्जी असते.

कोंड्याबद्दल विचारतील. २००१ मध्ये एन. एस. अल-वाइली या संशोधकाचा एक अभ्यास छापून आला होता. टाळूवर खवले आणि खाज असलेल्या ३० रुग्णांना कच्चा मध थोड्या कोमट पाण्यात मिसळून एक दिवसाआड लावला, तीन तास ठेवला, आणि चांगला आराम पडला. अभ्यास लहान आहे. तो वाचून "कोंड्यावर हमखास इलाज" असं लिहू नका.

आता त्या १०० बाटल्या

ताईंना मी पहिला प्रश्न विचारला, "तुमचं मिश्रण किती दिवस टिकतं?" त्या म्हणाल्या, "मी त ताजंच करते." इथेच सगळी गोम आहे.

शुद्ध मध वर्षानुवर्षं टिकतो, कारण त्यातलं पाणी साखरेनं इतकं बांधून ठेवलेलं असतं की जिवाणूंना ते मिळतच नाही. तुम्ही त्यात जेल, कोरफड, दही, काहीही पाणीदार घातलं की ते संरक्षण गेलं. तीन-चार दिवसांत फेस, आठवड्यात वास. हे मी पुस्तकातून सांगत नाही. दहा-बारा वर्षांपूर्वी मी एका महिला गटाला मध-कोरफडीचा हेअर पॅक बनवायला शिकवला होता. ६० बाटल्या भरल्या, प्रदर्शनात मांडल्या. दुसऱ्या दिवशी दुपारच्या उन्हात झाकणं फटाफट उडायला लागली, टेबलभर चिकट पाणी आणि मुंग्या. आंबून गॅस झाला होता. गटातल्या बायकांनी मला काही म्हटलं नाही, पण त्यातल्या दोघींनी पुन्हा कुठलाच व्यवसाय केला नाही. चूक माझी होती, मला टिकवणुकीतलं कळत नव्हतं आणि तरी मी शिकवत होतो.

दुसरी बाब कायद्याची. केसांना लावायची वस्तू बाटलीत भरून, नाव लावून विकली की ते सौंदर्यप्रसाधन झालं. त्याला औषधे व सौंदर्यप्रसाधने कायदा १९४० आणि सौंदर्यप्रसाधने नियम २०२० लागू होतात. उत्पादनाचा परवाना लागतो, त्यासाठी जागा, साधनं, तांत्रिक माणूस लागतो. "सर, माझं उद्यम रजिस्ट्रेशन आहे ना!" असं खूप जण म्हणतात. उद्यम नोंदणी म्हणजे तुम्ही लघुउद्योजक असल्याची नोंद, ती वस्तू बनवायचा परवाना नव्हे. पुढे कधी बाटली करायचीच असेल तर परवानाधारक कारखान्यात लोन लायसन्सवर किंवा थर्ड पार्टीकडून बनवून घेता येते. जिल्ह्याच्या अन्न व औषध प्रशासन कार्यालयात जाऊन आधी विचारा, विचारायला पैसे लागत नाहीत. आणि "सात दिवसांत केसगळती बंद" हे लेबल तर छापूच नका. तो इलाजाचा दावा झाला.

मग ताईंनी काय करावं? पार्लर आहे ना! समोर बसलेल्या ग्राहकाला ताजं कालवून लावणं ही सेवा आहे.

हिशेब बघा. समजा मध ५०० रुपये किलो. एका बैठकीला ४० ग्रॅम, म्हणजे २० रुपये. जवस ५, शॅम्पू-तेल १५, टोपी, गरम पाणी, कापड धुणं १५. एकूण ५५. दर २०० ठेवला तर १४५ उरतात. वेळ सव्वा तास, पण त्यातला अर्धा तास ग्राहक टोपी घालून बसलेली असते, तेवढ्यात दुसरीचं थ्रेडिंग होतं. बाटल्यांचं गणित असं, १०० बाटल्या, १५० रुपये भाव, सगळ्या विकल्या तर १५ हजार, खर्च जाऊन ३ हजार. एकही खराब झाली नाही तर. तेच ३ हजार २१ बैठकांत येतात, आणि कर्ज शून्य. "दवनीवाड्यात २०० कोण देईल?" ताईंचा प्रश्न बरोबर होता. रोज नाही देणार. पण लग्नसराईत नवरीच्या पॅकेजमध्ये, आणि गोंदियाला कॉलेजात जाणाऱ्या कुरळ्या केसांच्या मुली देतील. त्या मुली आज केस स्ट्रेट करायला हजारो रुपये घालवतात.

आधी सेवा, मग बाटली, हा रस्ता जुना आहे. अमेरिकेत मॅडम सी. जे. वॉकर (१८६७–१९१९) यांनी आफ्रिकी वंशाच्या बायकांच्या केसांसाठी धंदा उभा केला तो दारोदार जाऊन, निगा कशी राखायची ते करून दाखवत, आणि मग इतर बायकांना तेच शिकवून. अलीकडे मोनिक रॉड्रिग्ज या नर्सनं २०१४ मध्ये मिएल ऑरगॅनिक्स सुरू केलं, डाळिंब आणि मध ही त्यांची एक मालिकाच आहे. २०२३ मध्ये प्रॉक्टर अँड गॅम्बलनं ती कंपनी घेतली. त्यांच्याकडे भांडवल आणि प्रयोगशाळा आली ती नंतर.

मध घ्यायचा कुठून

सगळ्यात जास्त फसवणूक इथे होते. डिसेंबर २०२० मध्ये दिल्लीच्या सेंटर फॉर सायन्स अँड एन्व्हायर्नमेंट या संस्थेनं १३ ब्रँडचे मध तपासून घेतले, सगळ्या चाचण्यांत फक्त ३ ब्रँड पास झाले. साखरेचा पाक इतका हुशारीनं मिसळतात की साध्या चाचणीत सापडत नाही. तेव्हा पेल्यातलं पाणी, काडीपेटी, कुत्र्याला चाटवणं, हे घरगुती प्रकार सोडून द्या. माणूस ओळखीचा असणं हीच खरी चाचणी.

आपल्या जिल्ह्याला नागझिरा-नवेगावचं जंगल आहे, आग्या मोहोळाचा मध येतो. बहुतेक वेळा तो दारूच्या रिकाम्या बाटलीत मिळतो, पोळं पिळून काढलेला, त्यात मेण आणि अळ्यांचा रस. असा मध पातळ असतो आणि लवकर आंबतो. एक सोपं करा, वजनकाटा सोबत न्या. मध पाण्यापेक्षा जड असतो, एक लिटर म्हणजे साधारण १ किलो ४०० ग्रॅम. ७५० मिलीच्या बाटलीतला मध, बाटलीचं वजन वजा करून, १ किलो ५० ग्रॅमच्या आसपास भरला पाहिजे. किलोच्या खाली आला तर त्यात पाणी जास्त आहे. (पाकही जड असतो, म्हणून यानं भेसळ कळत नाही, पाणी कळतं.) भावसुद्धा बाटलीवर नाही, किलोवर ठरवा. थंडीत मध गोठून रवाळ झाला तर तो नकली नव्हे. भांडं कोमट पाण्यात ठेवा, गॅसवर उकळू नका.

आणि काढणाऱ्याला विचारा, पोळं जाळून काढता का? आग्याच्या पोळ्यात मध एका टोकाला असतो आणि अंडी-अळ्या बाकीच्या भागात. फक्त मधाचा भाग कापला तर माशा जगतात आणि मधही स्वच्छ मिळतो. वर्ध्याचं सेंटर ऑफ सायन्स फॉर व्हिलेजेस मध काढणाऱ्यांना हेच शिकवत आलं आहे. घरी पेट्या ठेवायच्या असतील तर महाराष्ट्र राज्य खादी व ग्रामोद्योग मंडळाची मधकेंद्र योजना आहे, त्यात प्रशिक्षण मिळतं आणि साहित्यावर ५० टक्के अनुदान, बाकी ५० टक्के आपले. महाबळेश्वरजवळच्या मांघरला २०२२ मध्ये याच मंडळाच्या पुढाकारानं मधाचं गाव म्हणून जाहीर केलं. तिथली सातेरी माशी आणि आपलं रान यात फरक आहे, म्हणून पेट्या घेण्याआधी आपल्या शिवारात कोणत्या महिन्यात काय फुलतं याची वही करा. धानाच्या पट्ट्यात काही महिने माशांना खायला फारसं काही नसतं.

ताईंनी गटाचं कर्ज घेतलं नाही. ओळखीच्या माणसाकडून दोन किलो मध घेतला, पाच जणींना फुकट लावून दिला आणि प्रत्येकीचा आधी-नंतरचा फोटो तिला विचारून काढला. परवा पुन्हा फोन होता. पाचातल्या तिघी पैसे देऊन परत आल्या. चौथीला चिकट वाटलं, तिचं जेलचं प्रमाण वाढवायचं आहे. पाचवीच्या सासूनं नको म्हटलं, केस पांढरे होतील म्हणून. "तिच्या सासूलेच बोलावतो सर पार्लरमध्ये," ताई म्हणाल्या.