गोंडांचा ग्रंथ गोंडाने लिहिला

गोंदियाहून नैनपूरमार्गे जबलपूरकडे जाणाऱ्या लोहमार्गावर, बालाघाट मागे पडल्यावर काही वेळाने लामता हे गाव लागते. १९५६ च्या ऑक्टोबरअखेर हा मुलूख ज्या प्रांतात होता त्याची राजधानी नागपूर होती. तेव्हा मराठी माणसाला तो अगदीच परका वाटावयास नको. या जिल्ह्याच्या बाजारांतून हिंदी चालते, पोवारी चालते, मराठीही कानी पडते. आणि जंगलपट्टीतून आलेली माणसे आपसांत बोलू लागली म्हणजे आणखी एक भाषा ऐकू येते. ती गोंडी होय.

गोंडी ही हिंदीचीच एखादी रानटी बोली असावी अशी पुष्कळांची समजूत असते. ती निखालस चुकीची आहे. गोंडी ही द्राविड कुळातील भाषा. दोन, तीन, चार यांना गोंडीत रंड, मूंद, नालुंग असे म्हणतात. तेलुगूतील रेंडु, मूडु, नालुगु हे शब्द शेजारी ठेवले की नाते निराळे सांगावे लागत नाही. व्याकरणाची घडणही वेगळी. मराठीत लिंगे तीन. गोंडीत एका वर्गात पुरुष आणि दुसऱ्या वर्गात स्त्रिया, पशू व वस्तू असे सारे काही. (भगिनींनी यावर रागावू नये, तेलुगूतही एकवचनात बहुतेक हीच व्यवस्था आहे.)

या भाषेवर व समाजावर ग्रंथ नाहीत असे नाही. नागपूरचे स्कॉटिश मिशनरी स्टीफन हिस्लॉप यांनी गोंडांच्या परंपरेतील लिंगोची गाथा परधानाच्या तोंडून उतरवून घेतली. परधान म्हणजे गोंडांचे गाथा गाणारे. हिस्लॉप १८६३ मध्ये बुडून मरण पावले आणि त्यांचे कागद रिचर्ड टेंपल यांनी १८६६ मध्ये छापविले. पुढे ग्रिअर्सन यांच्या भाषा-सर्वेक्षणात उधळ्या पुत्राचा दृष्टान्त गोंडीत उतरला. ही कामे मोलाची खरीच. परंतु गाणारा गोंडांच्या पदरचा आणि लिहिणारा साहेब, ही वाटणी शंभर वर्षे बदलली नाही.

आफ्रिकेतही हेच घडले. झांबिया देशाच्या उत्तर भागातील बेंबा लोकांच्या मुलींच्या वयात येण्याच्या विधीवर ऑड्री रिचर्ड्स या इंग्रज विदुषीने १९५६ मध्ये ग्रंथ लिहिला व तो जगभर वाचला गेला. पण स्टीफन म्पाशी यांच्यासारखे बेंबा लेखक स्वतःच्या भाषेत लिहू लागले तेव्हा बेंबा वाचकाला आपल्या घरची बोली छापलेली मिळाली. आज ती भाषा तेथील शाळांत व नभोवाणीवर आहे.

गोंडांत हे काम ज्यांनी अंगावर घेतले त्यांत डॉ. मोतीरावण कंगाली यांचे नाव प्रथम घ्यावे लागते. १९४९ मध्ये रामटेक तालुक्यात त्यांचा जन्म झाला. नागपूरला रिझर्व्ह बँकेत नोकरी करीत त्यांनी गोंडी भाषा, धर्म व इतिहास यांवर पुस्तके लिहिली. ‘पारी कुपार लिंगो गोंडी पुनेम दर्शन’ हा त्यांचा प्रमुख ग्रंथ. लिंगोने घालून दिलेली समाजव्यवस्था त्यात आतल्या माणसाच्या दृष्टीने उलगडली आहे. चार, पाच, सहा वा सात देवांचे असे गोंडांचे गट असतात. समान संख्येच्या गटात सोयरीक होत नाही. बाहेरच्या पंडिताला जी केवळ आकड्यांची नोंद वाटते, ती गोंडाच्या लेखी लग्नघरातील पहिली विचारणा असते.

कोराडीची देवी, डोंगरगढची बमलाई यांवरही त्यांनी पुस्तके रचली आणि ही मूळची गोंडांची दैवते होत असे मांडले. पुढे सिंधू संस्कृतीच्या मुद्रा गोंडीतून वाचता येतात असाही दावा केला. तो विद्वानांत मान्य झालेला नाही, आणि उत्साहापुढे पुरावा तोकडा पडला असे म्हणावे लागते. तथापि त्यासाठी बाकीचे काम दूर लोटणे अन्यायाचे होईल. २०१५ मध्ये ते निवर्तले.

एक गोष्ट मात्र मनाला लागते. कंगालींची प्रमुख पुस्तके हिंदीत आहेत. त्याला इलाज नव्हता. गोंडी माणूस मध्य प्रदेश, महाराष्ट्र, छत्तीसगड, तेलंगण अशा राज्यांत विखुरलेला. प्रत्येक ठिकाणी बोली थोडी निराळी, शाळा परभाषेची. गोंडाला गोंडी बोलता येते, पण वाचण्याची सवय कोणी लावलेली नाही. लिपी नव्हती म्हणावे, तर बालाघाट जिल्ह्यातच मुन्शी मंगलसिंग मसराम यांनी १९१८ मध्ये गोंडीसाठी स्वतंत्र लिपी तयार केली होती. संगणकाच्या जागतिक अक्षरसंहितेत तिला स्थान मिळाले २०१७ मध्ये. शंभर वर्षांना एक कमी.

२०११ च्या जनगणनेत गोंडी मातृभाषा सांगणारे सुमारे २९ लाख भरले. जमात म्हणून गोंड एक कोटीहून अधिक आहेत. म्हणजे बहुतेकांच्या घरातून भाषा निघून गेली. त्याच जनगणनेत बोडो बोलणारे सुमारे १५ लाख होते. बोडोला २००३ च्या घटनादुरुस्तीने आठव्या अनुसूचीत जागा मिळाली. गोंडीची मागणी अजून तशीच पडून आहे.